मिस लिलियन बेलिस

लंडन शहरांत थेम्स नदीच्या दक्षिणेस, एके काळच्या गरीब कामकऱ्यांच्या वस्तींत, 'ओल्ड विक' नांवाचें नाटकगृह आहे. एके काळीं मद्यपानामुळें त्याची मोठी अपकीर्ति झाली होती. इ. स. १८८० मध्यें एमा कॉन्स या परोपकारी बाईंनीं तें हातीं घेऊन तेथील मद्यविक्री बंद केली. १९१२ सालीं त्या वारल्या व सर्व भार त्यांची भाची लिलियन बेलिस यांच्यावर पडला.

बेलिसबाई नटी नव्हत्या व नाटककारहि नव्हत्या. द्रव्य तर नेहमींच अपुरें. नटांस वेतन फार थोडें देतात, असा त्यांजवर आक्षेपहि असे. परंतु उत्तम कलेवर गरिबांचाहि हक्क आहे, ही त्यांची श्रद्धा होती. प्रत्येक अडचण त्या प्रार्थनेंत देवापुढें मांडीत आणि लगेच कामास लागत. तिकिटांचे दर त्यांनीं अल्प ठेविले. १९१४ ते १९२३ या काळांत शेक्सपियरच्या पहिल्या संग्रहांतील सर्व ३६ नाटकें तेथें झालीं. ऑपेरा, म्हणजे युरोपीय संगीत नाटकें, तींहि लोकांस कळावीं म्हणून इंग्रजींत होत. १९३१ सालीं बाईंनीं उत्तर लंडनमध्यें 'सॅडलर्स वेल्स' हें दुसरें नाटकगृह उघडलें. १९३७ सालीं त्या निवर्तल्या. पण त्यांच्या मंडळ्यांतूनच पुढें इंग्लिश नॅशनल ऑपेरा व रॉयल बॅले या संस्था उदयास आल्या.

बालमित्रांनो, पुढारीपणास रंगभूमीवर उभें राहावेंच लागतें असें नाहीं. हातीं आलेलें काम देवानें सोपविलेली ठेव समजून सांभाळावें, हेंच हें चरित्र आपणांस शिकवितें.