लोकमान्य टिळक : तीन कारावास

लोकमान्य टिळकांचे नाव उच्चारताच ‘केसरी’, गणेशोत्सव आणि मंडालेचा तुरुंग डोळ्यांसमोर उभा राहतो. परंतु त्यांना तुरुंगात धाडणारे न्यायासन कसे होते आणि त्या कारावासाची किंमत त्यांच्या देहाने कशी चुकवली, हा भाग सहसा झाकलेला राहतो.

बाळ गंगाधर टिळक यांचा जन्म २३ जुलै १८५६ रोजी रत्नागिरीस झाला. गणित व संस्कृत हे त्यांचे आवडीचे विषय. कायद्याची पदवी घेऊनही त्यांनी वकिलीचा मार्ग सोडला आणि चिपळूणकर व आगरकर यांच्या साथीने जानेवारी १८८० मध्ये पुण्यात न्यू इंग्लिश स्कूल सुरू केले. पुढल्याच वर्षी ‘केसरी’ व ‘मराठा’ ही पत्रे निघाली. कोल्हापूर संस्थानातील कारभारावर लिहिल्याबद्दल १८८२ मध्ये टिळक व आगरकर यांना मुंबईच्या डोंगरी तुरुंगात १०१ दिवस काढावे लागले. हा पहिला कारावास.

दुसऱ्या कारावासाच्या मुळाशी प्लेगची साथ होती. १८९७ च्या प्रारंभी पुण्यात प्लेगने थैमान घातले. रँड यांच्या अधिकाराखाली गोरे शिपाई घराघरांत शिरून झडत्या घेऊ लागले. उपचारापेक्षा लोकांना या बंदोबस्ताचीच धास्ती अधिक वाटे. अनेक प्रतिष्ठित मंडळी शहर सोडून गेली असताना टिळक पुण्यातच राहिले, हिंदूंसाठी प्लेगचे वेगळे रुग्णालय उभारण्यात त्यांनी पुढाकार घेतला आणि ‘केसरी’तून बंदोबस्ताच्या अतिरेकावर टीका केली. तीच साथ ऑगस्ट १८९८ मध्ये बेंगळुरूत पोहोचली. चिकपेटसारख्या दाट वस्तीच्या पेठांना तिची झळ लागली. बसवनगुडी व मल्लेश्वरम् या मोकळ्या वसाहतींची वाढ त्यानंतरचीच.

२२ जून १८९७ रोजी रँड यांच्यावर गोळी झाडली गेली. त्या कटाशी टिळकांचा संबंध सिद्ध झाला नाही. खटला भरला गेला तो ‘केसरी’तील लेखनावर, राजद्रोहाच्या आरोपाखाली. ज्यूरीत सहा युरोपियन व तीन हिंदी गृहस्थ होते. सहांनी दोषी म्हटले, तिघांनी निर्दोष. शिक्षा झाली अठरा महिन्यांच्या सक्तमजुरीची. गोऱ्या आरोपीला ज्यूरीत निम्मे तरी गोरे असावेत असा आग्रह धरण्याचा हक्क १८८४ पासून कायद्यानेच दिलेला होता. हिंदी आरोपीच्या वाट्याला मात्र बहुसंख्य परके पंच आले, आणि मराठी लेखांचा निवाडा इंग्रजी भाषांतरावरून झाला.

तुरुंगातील काथ्याचे काम आणि न मानवणारे अन्न यांमुळे त्यांचे वजन झपाट्याने घटले. वेदकालासंबंधीच्या ‘ओरायन’ या ग्रंथामुळे त्यांचे नाव युरोपात पोहोचले होते. मॅक्समुल्लर आदी विद्वानांनी रदबदली केली आणि सप्टेंबर १८९८ मध्ये त्यांची मुदतीपूर्वी सुटका झाली. त्याच कोठड्यांतील सामान्य कैद्यांसाठी शब्द टाकणारा मॅक्समुल्लर कोठून असणार? पुढे १९०३ मध्ये याच प्लेगने टिळकांचा थोरला मुलगा विश्वनाथ हिरावून नेला.

तिसरा खटला १९०८ चा. मुझफ्फरपूरच्या बॉम्बप्रकरणानंतर लिहिलेल्या लेखांवरून २४ जून रोजी मुंबईत त्यांना अटक झाली. जामीन नाकारणारे न्यायमूर्ती दावर हे १८९७ मध्ये टिळकांचे वकील होते, आणि त्या वेळी त्यांनीच टिळकांना जामीन मिळवून दिला होता! या खेपेस ज्यूरीत सात युरोपियन व दोन पारशी होते. टिळकांनी स्वतः एकवीस तासांहून अधिक काळ बचावाचे भाषण केले. भाषांतरात मूळ शब्दांचा अर्थ कसा पालटतो, हे त्यांनी एकेक शब्द घेऊन दाखवले. २२ जुलैच्या रात्री सात विरुद्ध दोन मतांनी ते दोषी ठरले आणि सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा झाली. मुंबईच्या गिरणी कामगारांनी सहा दिवस काम बंद ठेवले.

शिक्षा भोगण्यास त्यांना ब्रह्मदेशातील मंडालेस नेण्यात आले. वय बावन्न, देहात मधुमेह आणि लाकडी फळ्यांच्या बराकीत रणरणता उन्हाळा. इन्शुलिनचा उपचार जगात प्रथम झाला तो १९२२ मध्ये. तोवर पथ्य हेच औषध. भात व साखर वर्ज्य करून, जवासारख्या धान्यावर त्यांनी रोगाला आवर घातला. पाने मोजून दिलेल्या वह्यांत शिसपेन्सिलीने, नोव्हेंबर १९१० ते मार्च १९११ या पाच महिन्यांत ‘गीतारहस्य’ लिहून झाले. जून १९१२ मध्ये पत्नी सत्यभामाबाई निवर्तल्या. त्यांचे अंत्यदर्शनही टिळकांना घडले नाही. जून १९१४ मध्ये ते पुण्यास परतले, ते प्रकृती खालावलेल्या स्थितीत. तरीही १९१६ मध्ये होमरूल लीग स्थापून त्यांनी पुन्हा देशभर दौरे केले. १ ऑगस्ट १९२० रोजी मुंबईत सरदारगृहात त्यांचे निधन झाले.

या चरित्राला एक उणी बाजूही आहे. वर्णभेदाचा अन्याय स्वच्छ पाहणाऱ्या टिळकांनी मुलींच्या उच्च शिक्षणाला आणि १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याला विरोध केला होता. स्वतःवरील अन्याय ओळखणाऱ्या दृष्टीला शेजारचा अन्याय दिसेलच असे नाही, हेही या चरित्रातून शिकावयाचे.

कानडी मुलखात मराठी शाळा चालविणाऱ्यांना आणि तेथे मुले धाडणाऱ्या पालकांना या चरित्रातील एक गोष्ट विशेष जवळची वाटावी. टिळकांचे मराठी शब्द ज्यांनी तोलले, त्यांतील बहुतेकांना मराठी येत नव्हते. ज्याचे बोलणे कळत नाही, त्याचा न्याय करणे सोपे असते. म्हणूनच तो धोक्याचाही असतो. मुलाला स्वतःची भाषा नीट यावी आणि शेजाऱ्याची भाषा समजून घेण्याची सवय लागावी, हा या शाळेतील रोजच्या अध्यापनाचा अर्थ आहे. न्यायालयात असो वा रुग्णालयात, समोरच्याचे म्हणणे आधी समजून घेणारी पिढी घडली, तर मंडालेची ती सहा वर्षे सार्थकी लागली असे म्हणता येईल.