तिघांचा मेळ

गंज चढत नाही म्हणून स्टेनलेस स्टीलवर आपण डोळे मिटून विश्वास टाकतो. तरीही कारखान्यातल्या चकचकीत टाकीला एखाद्या दिवशी केसाएवढी चीर पडते आणि फारशी झीज न होता धातू फाटतो. जाणकार त्याला ताण-क्षरणाचा तडा म्हणतात. तो पडायला तिघांचा मेळ जमावा लागतो: तडा धरणाऱ्या जातीचे पोलाद, वाकवताना वा जोडताना त्याच्या अंगात राहिलेला ताण आणि खारे, गरम पाणी. एकाला दूर करा, तडा टळतो. मोडण्याचे हे गणित घडवण्यालाही लागू पडते. जमशेटजी टाटांना त्याची प्रचीती आपल्या चांद्यात आली.

1839 साली नवसारीत जन्मलेल्या जमशेटजींनी 1 जानेवारी 1877 रोजी नागपुरात एम्प्रेस मिल सुरू केली. कापडात जम बसला. पुढे 1882 मध्ये एका जर्मन भूगर्भतज्ज्ञाचा अहवाल त्यांच्या वाचनात आला. चांदा जिल्ह्यात लोहाऱ्याला उत्तम लोहखनिज होते आणि वरोऱ्याला कोळशाची खाण होतीच. त्यांनी कोळसा तपासून घेतला, पण तो या कामाचा निघाला नाही. खाणपट्ट्याच्या सरकारी अटीही जाचक होत्या. खनिज, कोळसा आणि परवाना या तिघांपैकी दोघे रुसलेले!

जमशेटजींनी बेत बाजूला ठेवला, सोडला नाही. 1899 मध्ये लॉर्ड कर्झनच्या कारकिर्दीत नियम सैल झाले. साठी ओलांडलेले जमशेटजी विलायतेत भारतमंत्र्यांना भेटले, 1902 मध्ये अमेरिकेला जाऊन आले. मुलगा दोराबजी आणि अमेरिकन तज्ज्ञ वेल्ड चांद्याचे रान पालथे घालू लागले. खनिज होते, पण विखुरलेले. मोठ्या कारखान्याला पुरणारे नव्हते. 19 मे 1904 रोजी जर्मनीत जमशेटजींचे निधन झाले, तेव्हा कारखान्याची जागासुद्धा ठरली नव्हती.

मागच्यांनी शोध चालू ठेवला. मयूरभंजचे खनिज, झरियाचा कोळसा आणि नद्यांचे पाणी यांचा मेळ साकचीला जमला आणि 1912 मध्ये पोलाद निघाले. साकचीचे पुढे जमशेदपूर झाले.

1982 साली चांद्यातून वेगळ्या झालेल्या गडचिरोलीत आज सुरजागडच्या डोंगरातून लोहखनिज निघते आहे. ठाकूरदेवाच्या त्या डोंगरावरील खाणीला अनेक माडिया गावांनी विरोध केला. नुसते खनिज हाती आले म्हणजे सारे जमले असे होत नाही, हे याच मुलखाने एकदा दाखवून दिले आहे.