डॉ. अर्नेस्ट कॉडमन: चुकांना खूण देणारा सर्जन

विमा क्लेमच्या फॉर्मवर आजाराच्या नावाशेजारी के८०.२ असं काहीतरी लिहिलेलं तुम्ही पाहिलं असेल. हा आयसीडी कोड. के८०.२ म्हणजे पित्ताशयातले खडे, पण पित्ताशयाला सूज नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या याच यादीत टी८१.५ हाही एक कोड आहे. शस्त्रक्रियेत किंवा दुसऱ्या एखाद्या उपचारात गॉझचा तुकडा, मॉप किंवा उपकरण चुकून शरीरात राहून गेलं, तर तो वापरतात.

उपचारातल्या चुकीलाही अधिकृत नोंद असावी, यात आज आपल्याला काही विशेष वाटत नाही. शंभर वर्षांपूर्वी मात्र हाच आग्रह धरणाऱ्या बोस्टनच्या एका सर्जनला त्याची मोठी किंमत मोजावी लागली. त्यांचं नाव डॉ. अर्नेस्ट कॉडमन.

सुरुवात: भुलेचा तक्ता

कॉडमन यांचा जन्म १८६९ मध्ये बोस्टनमध्ये झाला. हार्वर्डमध्ये वैद्यकीय शिक्षण घेताना हार्वे कुशिंग हे त्यांचे सहाध्यायी होते. हेच कुशिंग पुढे मेंदूच्या शस्त्रक्रियेसाठी जगप्रसिद्ध झाले. तेव्हा रुग्णाला ईथरची भूल देण्याचं काम विद्यार्थ्यांकडे असे आणि भुलेखाली मृत्यूही होत. १८९४ च्या सुमारास या दोघांनी भूल चालू असताना रुग्णाची नाडी आणि श्वास कागदावर नोंदवायला सुरुवात केली. आज ऑपरेशन थिएटरमध्ये भूलतज्ज्ञ जो तक्ता भरतात, त्याची ही सुरुवात.

पुढे क्ष-किरणांचा शोध लागला आणि ते तंत्र अमेरिकेत लवकर आत्मसात करणाऱ्यांमध्ये कॉडमन होते. मग ते मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमध्ये सर्जन झाले.

एका वर्षानंतर रुग्ण कसा आहे?

रुग्णालयं किती ऑपरेशनं झाली ते मोजायची, पण त्यातले किती रुग्ण खरोखर बरे झाले, याचा हिशोब कुणी ठेवत नव्हतं. कॉडमन यांनी प्रत्येक रुग्णासाठी एक कार्ड सुरू केलं. त्यावर तक्रार, निदान, उपचार, गुंतागुंत आणि किमान एका वर्षानंतरची स्थिती लिहायची. परिणाम चांगला नसेल तर त्याचं कारणही लिहायचं.

या कारणांसाठी त्यांनी अक्षरांच्या खुणा ठरवल्या. कौशल्य कमी पडलं, निर्णय चुकला, काळजी किंवा साधनं अपुरी पडली, निदान चुकलं, आजारच आटोक्याबाहेरचा होता, रुग्णाने उपचार नाकारला. प्रत्येकाला वेगळी खूण. कुणाच्याच हातात नसलेल्या आपत्तींसाठीही एक खूण होती. पोटात मॉप राहून गेला तर तो कोणत्या खुणेखाली घालाल? माझ्या मते काळजी कमी पडल्याच्या. त्याला नशीब म्हणायला ही पद्धत जागाच ठेवत नाही.

१९११ मध्ये त्यांनी बोस्टनमध्ये स्वतःचं छोटं रुग्णालय काढलं. १९१६ पर्यंत तिथून घरी गेलेल्या ३३७ रुग्णांमध्ये त्यांनी १२३ चुका नोंदवल्या. त्यात त्यांच्या स्वतःच्या हातून झालेल्या चुकाही होत्या. हे सगळं त्यांनी स्वखर्चाने छापून इतर रुग्णालयांना पाठवलं.

विरोध

मॅसॅच्युसेट्स जनरलमध्ये बढती ज्येष्ठतेनुसार मिळे. ती परिणामांवर मिळावी, असा आग्रह धरून १९१४ मध्ये कॉडमन यांनी राजीनामा दिला. नंतर लगेच मुख्य सर्जनपदासाठी अर्जही केला. कारण एवढंच दिलं, की त्यांचे परिणाम इतरांपेक्षा चांगले आहेत.

जानेवारी १९१५ मध्ये त्यांनी बोस्टनच्या डॉक्टरांच्या सभेत एक मोठं व्यंगचित्र उघडलं. वाळूत डोकं खुपसलेला शहामृग म्हणजे शहरातले श्रीमंत रुग्ण, आणि त्याची सोन्याची अंडी गोळा करणारे डॉक्टर. सभेत गदारोळ झाला. स्थानिक संघटनेतलं पद गेलं आणि हार्वर्डमधली शिकवण्याची जागाही गेली.

तरीही ते थांबले नाहीत. १९१७ मध्ये कॅनडातल्या हॅलिफॅक्स बंदरात प्रचंड स्फोट झाला, तेव्हा ते जखमींवर उपचार करायला गेले. १९२० पासून त्यांनी हाडांच्या कर्करोगाची नोंदवही उभी केली. १९३४ मध्ये खांद्याच्या विकारांवरचं त्यांचं पुस्तक आलं. १९४० मध्ये त्वचेच्या कर्करोगाने ते गेले. त्यांच्या कबरीवर नावाचा दगड बसला तो थेट २०१४ मध्ये.

त्यांचं काम मात्र रुजलं होतं. रुग्णालयांच्या दर्जाची तपासणी सुरू करणाऱ्या अमेरिकी सर्जनांच्या समितीत ते सुरुवातीपासून होते. रुग्णालयांना मान्यता देण्याची आजची पद्धत त्यातूनच वाढली.

आजचा कोड काय सांगतो?

अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आवृत्तीत टी८१.५ पुढे आणखी आकडे येतात. पहिला आकडा त्रास सांगतो: १ म्हणजे आतले अवयव एकमेकांना चिकटणं, २ म्हणजे अडथळा, ३ म्हणजे छिद्र पडणं. त्यापुढचा आकडा वस्तू कोणत्या उपचारात राहिली ते सांगतो: ० शस्त्रक्रिया, २ डायलिसिस, ४ दुर्बिणीने तपासणी. म्हणजे टी८१.५२० वाचलं की कळतं, शस्त्रक्रियेत राहिलेल्या वस्तूमुळे अडथळा झाला.

मुद्दाम बसवलेली प्लेट किंवा मूत्रमार्गातला डीजे स्टेंट यात मोडत नाही. त्यांच्या गुंतागुंतीसाठी टी८२ ते टी८५ हे वेगळे गट आहेत.

पण कोड लिहिणारी व्यक्ती फक्त कागदपत्रं वाचते. डॉक्टरांनी नोंद केली नसेल तर कोडही येत नाही. शिवाय कोडला पैसे जोडलेले असतात. ऑक्टोबर २००८ पासून अमेरिकेतली मेडिकेअर योजना अशा चुकीमुळे वाढलेला खर्च रुग्णालयाला देत नाही. यामुळे काळजी वाढावी ही अपेक्षा आहे, पण न लिहिण्याचा मोहही होऊ शकतो. कॉडमन यांची अडचण आजही तीच आहे: चूक लिहिणाऱ्याला त्रास होतो आणि न लिहिणारा सुटतो.

तुम्ही काय करायचं?

- ऑपरेशनआधी आणि टाके घालण्याआधी मॉप, गॉझ, सुया मोजल्या जातात. ही मोजणी जुळली का, हे तुम्ही सर्जनना जरूर विचारा. हा प्रश्न कुणाचा अपमान करणारा नाही.
- डिस्चार्ज कार्डासोबत ऑपरेशनच्या नोंदीची प्रत मागा आणि जपून ठेवा.
- शरीरात मुद्दाम काही बसवलं असेल तर ते कधी काढायचं, ती तारीख लिहून घ्या. डीजे स्टेंटचा विसर पडू देऊ नका.
- ऑपरेशननंतर बरेच दिवस पोट दुखणं, ताप, जखमेतून स्राव, हाताला लागणारी गाठ किंवा वारंवार उलट्या होत असतील, तर जुनी फाइल घेऊन डॉक्टरांकडे जा. ऑपरेशनला वर्षं झाली असली, तरी ते सांगा.
- मॉपमध्ये एक्स-रेवर दिसणारा धागा असतो. गरज पडली तर सीटी स्कॅन करतात.

यातल्या बहुतेक तक्रारींची कारणं वेगळीच आणि साधी निघतात, त्यामुळे घाबरून जाऊ नका. पण तपासणी करून घ्या, आणि जे सापडेल ते कागदावर लिहून मागा.