सेनापती बापट आणि कागदावर नसलेली माणसे

पुण्यात सेनापती बापट रस्ता आहे, मुंबईत सेनापती बापट मार्ग आहे. दोन्हीकडे आज टोलेजंग इमारती उभ्या आहेत आणि त्यांतले दिवे रात्रभर जळत असतात. ज्यांचे नाव या रस्त्यांना दिले ते गृहस्थ मुंबईला वीज देणाऱ्या धरणाला विरोध केला म्हणून तुरुंगात गेले होते, हे तिथून जाणाऱ्या किती जणांना ठाऊक असेल? जमीन सरकारने घ्यायची, प्रकल्प उभा करायचा आणि मोबदल्यासाठी शेतकऱ्याने कचेरीचे उंबरठे झिजवायचे, ही आजची गावोगावची कहाणी आहे. म्हणून त्या माणसाच्या आयुष्याकडे आम्ही चळवळीच्या नजरेने पाहू इच्छितो.

पांडुरंग महादेव बापट यांचा जन्म १२ नोव्हेंबर १८८० रोजी अहमदनगर जिल्ह्यातील पारनेर येथे ब्राह्मण कुटुंबात झाला. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकून, शिष्यवृत्ती मिळवून ते इंजिनिअर होण्यासाठी विलायतेला गेले. तिथे इंग्रजी राज्याविरुद्ध बोलल्यामुळे शिष्यवृत्ती गेली. पॅरिसमध्ये त्यांनी रशियन क्रांतिकारकांकडून बॉम्बची विद्या मिळवली आणि १९०८ साली ते परतले. काही वर्षे भूमिगत राहिल्यावर १९१२ साली ते पकडले गेले व १९१५ साली सुटले. पुढे हा उच्चशिक्षित ब्राह्मण हातात झाडू घेऊन रस्ते झाडू लागला. मुंबईच्या झाडू कामगारांनी संप केला तेव्हा तो त्यांच्या बाजूने उभा राहिला. झाडू हातात घेतल्याने जात मोडत नाही, हे आम्ही जाणतो. पण ज्या काळात झाडूवाल्याच्या सावलीचाही विटाळ होत होता, त्या काळात हे पाऊल साधे नव्हते, हेही आम्ही मान्य करतो.

१९२१ साली मुळशीचा प्रश्न पेटला. मुळा आणि निळा नद्यांच्या संगमाजवळ टाटांची कंपनी धरण बांधत होती. त्यात मावळातील पन्नासहून अधिक गावे बुडणार होती. वीज जाणार होती मुंबईच्या गिरण्यांना. कंपनी खासगी, पण जमीन घेण्यासाठी सरकारचा १८९४चा भूसंपादन कायदा हाताशी होता. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीच्या दिवशी, सत्याग्रह सुरू झाला. बायाबापड्या, म्हातारीकोतारी कामाच्या जागी जाऊन बसली आणि काम काही महिने थांबले. बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांनी हा लढा चालवला. बापट पुन्हा पुन्हा तुरुंगात गेले. डिसेंबर १९२४ मध्ये त्यांनी रुळांवर दगड रचून आगगाडी अडवली आणि त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली. ते १९३१ साली सुटले. सेनापती हे बिरूद त्यांना मुळशीनेच दिले. धरण मात्र झालेच.

हा लढा का हरला? सरकार बलाढ्य होते, हे एक कारण. पण डॉ. राजेंद्र व्होरा यांनी या सत्याग्रहाचा जो अभ्यास केला, त्यातून दुसरे कारण पुढे येते. मुळशी पेट्यातील बरीच जमीन पुण्याच्या सावकारांच्या ताब्यात गेली होती. राबणारा मावळा कुळ म्हणून राबत होता. सावकाराला त्या मातीशी देणेघेणे नव्हते, त्याला भाव हवा होता. सौदा पटला की त्याचा विरोध संपणार होता. कसणाऱ्याच्या हाती मात्र घर आणि शेत दोन्ही गेल्यावर काय उरणार होते? आणि ज्या गावकुसाबाहेरच्या माणसाच्या नावावर कधी काही लागलेच नाही, त्याने कोणत्या कागदावर हक्क सांगायचा?

उशीर सगळ्यांना सारखा लागत नाही, हे इथे लक्षात घेतले पाहिजे. कायद्याने उशिराबद्दल व्याज ठेवले होते, भाव कमी वाटला तर कोर्टात जाण्याची वाटही ठेवली होती. सावकार वाट पाहू शकतो, त्याच्याकडे वकीलही असतो. ज्याची चूल रोजच्या कामावर पेटते, त्याला मिळेल त्या पैशावर अंगठा द्यावा लागतो. उशिरा दिलेला मोबदला हा गरिबाला कमी दिलेलाच मोबदला असतो.

१९२७ साली मुळशीचे पाणी घाटाखाली भिरा येथे पडू लागले आणि वीज निघाली. भिरा तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यात. त्याच वर्षी, त्याच जिल्ह्यात, महाडच्या चवदार तळ्याचे पाणी पिण्यासाठी बाबासाहेबांना सत्याग्रह करावा लागला. पाण्यातून वीज काढण्याइतका देश पुढे गेला होता, पण ते पाणी माणसाला पिऊ देण्याइतका नाही!

बाबासाहेब धरणांचे विरोधक नव्हते. व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात असताना दामोदर खोऱ्यासारख्या योजनांना त्यांनीच चालना दिली. पण १९४७ साली 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज' मध्ये शेतजमीन राज्याने घ्यावी असे मांडताना त्यांनी मोबदल्याच्या हक्कदारांत मालकाबरोबर कुळाचाही समावेश केला. बापटांच्या लढ्यात जे सुटले होते ते बाबासाहेबांनी नेमके पकडले.

बापट पुढे गोवामुक्तीच्या आणि संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात उतरले. २८ नोव्हेंबर १९६७ रोजी ते गेले. १८९४चा कायदा त्यांच्यानंतरही शेचाळीस वर्षे जगला. २०१३चा नवा कायदा १ जानेवारी २०१४ पासून लागू झाला. त्याने भाव वाढवला आणि कुळे व शेतमजूर यांनाही बाधित मानले. तरी कोयना धरणग्रस्तांना २०१८ सालीही पुनर्वसनासाठी आंदोलनाला बसावे लागले, तेव्हा धरणाला अर्धशतक उलटून गेले होते.

म्हणून आमचे म्हणणे एवढेच आहे. मोबदल्याची यादी लागेल तेव्हा कार्यकर्त्यांनी ती चावडीवर वाचून घ्यावी. कोणाची नावे आहेत यापेक्षा कोणाची नाहीत, ते आधी पाहावे. कुळाचे, शेतमजुराचे, बिनजमिनीच्या बाईचे नाव त्यात घालण्यासाठी मुदतीत अर्ज करावेत. सेनापतींनी आगगाडी अडवली. आपण निदान ही यादी अडवू या.