जंतूंची कुंडली मांडणारी रिबेका लान्सफील्ड

पहिल्या महायुद्धाच्या काळात अमेरिकेतील टेक्सासच्या लष्करी छावण्यांत तरुण सैनिक लढाईवर जाण्याआधीच मरू लागले. आधी गोवर यायचा आणि त्यामागोमाग न्यूमोनिया. तपासणीत सापडायचा तो स्ट्रेप्टोकोकस, म्हणजे सूक्ष्मदर्शकाखाली मण्यांच्या माळेसारखा दिसणारा जंतू. पण हाच जंतू धडधाकट माणसाच्या घशातही सापडे, गाईच्या दुधातही आणि चीजमध्येही. मग माणसे मारणारा नेमका कोणता? रक्त मिसळलेल्या माध्यमावर वाढवले की यांतले बरेचसे तांबड्या पेशी फोडून आपल्याभोवती स्वच्छ वर्तुळ करीत. त्यापुढे त्यांना एकमेकांपासून ओळखण्याची खात्रीची सोय नव्हती.

न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेत ओस्वाल्ड एव्हरी आणि अल्फॉन्स डोशे या प्रश्नावर काम करीत होते. त्यांच्या हाताखाली १९१८ मध्ये तेवीस वर्षांची एक तंत्रज्ञ रुजू झाली. ती रिबेका क्रेगहिल लान्सफील्ड. ५ जानेवारी १८९५ चा तिचा जन्म, वडील लष्करात अभियंता. वेलस्ली कॉलेजात ती भाषा शिकायला गेली होती, पण खोलीत राहणाऱ्या मैत्रिणीचा प्राणिशास्त्राचा अभ्यास पाहून तिने विषयच बदलला. पदवीनंतर वर्षभर शाळेत शिकवले, मग कोलंबिया विद्यापीठात सूक्ष्मजीवशास्त्रात एम.ए. केले. त्याच वर्षी डोनाल्ड लान्सफील्ड या आनुवंशिकीच्या विद्यार्थ्याशी लग्न झाले.

छावण्यांतून आलेले १२५ स्ट्रेप्टोकोकस तिच्यापुढे आले. सशांना जंतू टोचून त्यांच्या रक्तातून प्रतिपिंडे असलेले सीरम मिळवायचे आणि कोणते सीरम कोणत्या जंतूला पकडते ते पाहायचे, असे हे चिकाटीचे काम. त्यातले सुमारे ७० टक्के जंतू चारच प्रकारांत बसले. १९१९ च्या शोधनिबंधावर तंत्रज्ञ म्हणून लागलेल्या रिबेकाचेही नाव छापले गेले. त्या काळी ही साधी गोष्ट नव्हती.

पुढे पैसे संपले आणि काम थांबले. काही काळ फळमाशांवर संशोधन, वर्षभर पतीबरोबर ओरेगॉनमध्ये, असे करीत ती न्यूयॉर्कला परतली. पीएच.डी.साठी मार्गदर्शक होते कोलंबियाचे हान्स झिन्सर. त्यांना आपल्या प्रयोगशाळेत स्त्रिया नको असत, म्हणून तिने काम केले रॉकफेलरमध्येच, होमर स्विफ्ट यांच्याकडे. ऱ्हुमॅटिक फीव्हर हा स्ट्रेप्टोकोकसच्या ‘व्हिरिडन्स’ जातीमुळे होतो, अशी तेव्हा समजूत होती. ती तिच्या कामाने टिकू दिली नाही. १९२५ मध्ये पदवी मिळाली आणि बाई पुन्हा आपल्या रक्तपेशी फोडणाऱ्या जंतूंकडे वळल्या.

त्यांची युक्ती सांगायला सोपी आहे. जंतू सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लात घालून उकळत्या पाण्यात थोडा वेळ ठेवायचे, निघालेला अर्क गाळून सशाच्या सीरमला भेटवायचा. जुळणी झाली तर पांढरट साका दिसतो. या पद्धतीने त्यांना जंतूच्या भिंतीतली एक शर्करा सापडली, जी गटागटाला वेगळी होती. १९३३ मध्ये माणसे, गुरे, दूध आणि चीज यांतून गोळा केलेल्या १०६ जंतूंची त्यांनी ए, बी, सी, डी, ई अशी विभागणी प्रसिद्ध केली. माणसाच्या आजारातले जवळजवळ सगळे ‘ए’ गटात होते. दोन वर्षांनी रोनाल्ड हेअर यांच्यासोबत त्यांनी बाळंतिणींतील जंतू तपासले. सूतिकाज्वराने गंभीर झालेल्या स्त्रियांत ‘ए’ गट होता. ताप नसलेल्यांत बहुतेक वेळा इतर गट. बाळंतिणीजवळ सापडलेला प्रत्येक स्ट्रेप्टोकोकस सारखा धोकादायक नाही, हे आता प्रयोगशाळा सांगू शकत होती.

‘ए’ गटाच्या पोटातही प्रकार होतेच. ते ठरवणारे ‘एम’ नावाचे प्रथिन बाईंनी हुडकले. त्यामुळे जंतूला पांढऱ्या पेशींपासून बचाव मिळतो. लंडनचे फ्रेड ग्रिफिथ वेगळ्या पद्धतीने प्रकार लावत होते. १९४१ मध्ये जर्मन बॉम्बहल्ल्यात ते मरण पावले. एका प्रकाराविरुद्ध आलेली प्रतिकारशक्ती शरीरात वर्षानुवर्षे टिकते, पण दुसऱ्या प्रकारापुढे तिचा उपयोग नसतो, हेही बाईंनी दाखवले. मुलाचा घसा पुन्हा पुन्हा का धरतो, याचे एक उत्तर इथे आहे. आज ‘एम’चे दोनशेहून अधिक प्रकार माहीत आहेत आणि ‘ए’ गटावर लस अजून हाती नाही.

घशाच्या स्वॅबवर काही मिनिटांत उत्तर देणारी आजची किट त्यांनी वेगळी केलेली ‘ए’ गटाची शर्कराच शोधते. आपल्याकडे मात्र स्वॅब राहतो बाजूला आणि रक्तातल्या ‘एएसओ’च्या आकड्यावर धावपळ होते. तो आकडा पूर्वी केव्हातरी संसर्ग झाल्याचे सांगतो, निरोगी शाळकरी मुलांतही वाढलेला सापडतो. केवळ त्यावरून वर्षानुवर्षे दर तीन आठवड्यांनी पेनिसिलिन टोचून घेणारी मुले आहेत, तर दुखऱ्या घशाकडे दुर्लक्ष झाल्याने हृदयाची झडप गमावलेलीही आहेत.

मान उशिरा आले. प्राध्यापकपद १९५८ मध्ये मिळाले, वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षी. १९६१ मध्ये त्या अमेरिकन असोसिएशन ऑफ इम्युनॉलॉजिस्ट्सच्या पहिल्या महिला अध्यक्ष झाल्या. १९६५ ला निवृत्ती झाली ती कागदावर. सत्तरच्या दशकात नवजात अर्भकांच्या मेंदुज्वरामागे ‘बी’ गट दिसू लागला. गाईच्या कासेच्या आजारातला म्हणून त्यांनी चाळीस वर्षांपूर्वी नोंदवलेला हाच गट. ऐंशीच्या घरातल्या बाई पुन्हा त्याच्या मागे लागल्या आणि त्याच्या आवरणाविरुद्धची प्रतिपिंडे उंदरांना वाचवतात, हे सहकाऱ्यांसह दाखवले.

नोव्हेंबर १९८० मध्ये पडून कंबरेचे हाड मोडेपर्यंत त्या प्रयोगशाळेत येत होत्या. ३ मार्च १९८१ रोजी त्यांचे निधन झाले. कुठून आला, कोणत्या रुग्णाचा, कोणत्या प्रकारचा, अशा नोंदींसह जपलेले हजारो स्ट्रेप्टोकोकस त्यांनी रॉकफेलरमध्ये मागे ठेवले.