काळाची गाडी कागदावर बनवणारे लेखक : एच. जी. वेल्स

दिवाळी झाली की आमच्या वस्तीवरून ऊसतोडीच्या गाड्या कारखान्याकडे निघतात. माझे आई-बाबाही जातात. मी, धाकटी बहीण आणि आजी घरी राहतो. पाथर्डी तालुक्यात असं पुष्कळ घरांत आहे. आई-बाबा परत येतात ते पाडव्याच्या सुमारास. तोवर मी कॅलेंडरवर रोज एक रेघ मारतो. यंदा रेघा मारताना सारखं मनात यायचं, की दांडा ओढला अन् लगेच पाडवा आला, असं एखादं यंत्र पाहिजे होतं.

हे मी गुरुजींना सांगितलं. ते हसले नाहीत. असं यंत्र सव्वाशे वर्षांहून आधी एका लेखकानं कागदावर बनवलंय, असं त्यांनी सांगितलं आणि त्या लेखकाची गोष्ट समजावून दिली. ती मी भित्तिपत्रकाच्या वाचकांसाठी लिहीत आहे.

हर्बर्ट जॉर्ज वेल्स यांचा जन्म २१ सप्टेंबर १८६६ रोजी इंग्लंडमधील ब्रॉमली या गावी झाला. घरची परिस्थिती बेताची होती. वडिलांचं चिनी मातीच्या भांड्यांचं छोटंसं दुकान होतं, पण ते धड चालत नव्हतं. वडील क्रिकेट मात्र फार चांगलं खेळत. १८६२ साली केंट संघाकडून खेळताना त्यांनी लागोपाठ ४ चेंडूंत ४ गडी बाद केले होते! पुढे १८७७ साली त्यांचा पाय मोडला आणि क्रिकेटची कमाई थांबली. मग आई एका मोठ्या वाड्यावर कामाला राहिली. म्हणजे वेल्स यांचीही आई कामासाठी घरापासून लांब होती. हे ऐकल्यावर मला ते आपल्यातलेच वाटू लागले.

त्याआधी १८७४ साली छोट्या हर्बर्टचाही पाय मोडला होता. कित्येक दिवस अंथरुणात पडून राहावं लागलं. वडील वाचनालयातून पुस्तकं आणून देत. तेव्हा त्याला वाचनाची जी गोडी लागली ती कायमची.

चौदा-पंधराव्या वर्षी त्याला कापडाच्या दुकानात उमेदवारीला ठेवलं. तिथं दिवसाला तेरा तास काम असे. दोन वर्षं त्यानं कशीबशी काढली. एका रविवारी मात्र तो उठला आणि आईकडे २७ किलोमीटर पायी चालत गेला. आमच्या पाथर्डीहून नगरला जाताना निम्मी वाट होईल, एवढं हे अंतर. त्यानं आईला निक्षून सांगितलं, की मला दुकान नको, मला शिकायचंय. शेवटी आईनं ऐकलं. १८८३ साली तो एका शाळेत शिकता शिकता शिकवू लागला. पुढच्याच वर्षी शिष्यवृत्ती मिळवून तो लंडनच्या विज्ञान महाविद्यालयात गेला. तिथं थॉमस हक्स्ले हे थोर शास्त्रज्ञ त्याला प्राणिशास्त्र शिकवायला होते.

कॉलेजात असताना वेल्स यांनी मित्रांबरोबर विद्यार्थ्यांचं एक मासिक सुरू केलं. त्याच मासिकात १८८८ साली त्यांची काळात प्रवास करणाऱ्या यंत्राची पहिली गोष्ट तीन भागांत छापून आली. म्हणजे एवढं प्रसिद्ध यंत्र जन्मलं ते विद्यार्थ्यांच्या मासिकात! आपल्या भित्तिपत्रकात लिहायला लाजणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं.

पण वेल्स यांचे दिवस काही लगेच पालटले नाहीत. १८८७ साली ते भूगर्भशास्त्राच्या परीक्षेत नापास झाले होते. शिक्षकाची नोकरी करताना फुटबॉल खेळताना जबर मार लागला, पुढे फुफ्फुसातून रक्त पडू लागलं. तरी १८९० साली त्यांनी पदवी मिळवलीच. १८९३ साली तब्येत पुन्हा ढासळली. शिकवणं जमेना, म्हणून ते लेखनावर पोट भरू लागले. पहिल्या गोष्टीवर त्यांचं समाधान नव्हतं. ती त्यांनी पुन्हा पुन्हा नव्यानं लिहिली. १८९५ साली ‘द टाइम मशीन’ हे पुस्तक निघालं आणि वेल्स यांचं नाव सगळीकडे झालं.

या गोष्टीतल्या यंत्राला सायकलसारखी बैठक आणि दोन दांडे आहेत. एक दांडा पुढच्या काळात नेतो, दुसरा मागच्या. लांबी, रुंदी, उंची यांसारखीच काळ ही चौथी दिशा आहे, असं तो प्रवासी मानतो. तो थेट इसवी सन ८,०२,७०१ मध्ये जातो. यंत्र काळात धावतं, जागा मात्र सोडत नाही. तिकडच्या लोकांनी ते ओढून थोडं लांब नेलं, तर परत आल्यावर ते खोलीच्या दुसऱ्या कोपऱ्यात उभं! हे वाचून मला लई मजा वाटली.

असं यंत्र खरोखर कुणी बनवलेलं नाही. पण १९०५ साली आइन्स्टाइन यांनी दाखवून दिलं, की फार वेगानं जाणाऱ्याचा काळ संथ चालतो. आपल्याकडे कोल्हापूरला जन्मलेले डॉ. जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांनी असल्या विषयांवर मराठीत सुंदर विज्ञानकथा लिहिल्या.

वेल्स यांना पुढे मधुमेह झाला. तेव्हा १९३४ साली त्यांनी एका डॉक्टरांबरोबर मधुमेहाच्या रुग्णांसाठी संस्था काढली. १३ ऑगस्ट १९४६ रोजी लंडन येथे त्यांचे निधन झाले.

गोष्टीतली एक जागा माझ्या डोक्यातून जात नाही. प्रवासी दांडा ओढतो, तेव्हा घर सांभाळणारी बाई खोलीतून चालत जाते. पण ती त्याला सुसाट गेलेली दिसते. तिच्याशी बोलायला त्याला वेळच मिळत नाही.

मी दांडा ओढला असता तर आजी आणि बहीण मला अशाच सर्रकन गेलेल्या दिसल्या असत्या. ह्याच महिन्यांत माझी बहीण बाराखडी शिकली. मीच शिकवली. आई-बाबा येतील तेव्हा ती त्यांना धडा वाचून दाखवणार आहे. कॅलेंडरवर रेघ मी अजूनही मारतो, पण आता ती आम्ही दोघं मिळून मारतो.

— इयत्ता ७ वी, ता. पाथर्डी, जि. अहिल्यानगर