पडद्यावरची संत सखू खऱ्या आयुष्यात घर सोडून गेली, आणि तिने ते लपवलंही नाही

१९५९ साली आलेला 'सांगत्ये ऐका' पुण्याच्या विजयानंद थिएटरमध्ये तब्बल १३१ आठवडे चालला. या सिनेमाने हंसा वाडकर हे नाव घराघरात पोहोचवलं. पण हंसाबाईंच्या स्वतःच्या घरात काय चाललं होतं?

त्यांचं मूळ नाव रतन साळगावकर. जन्म १९२३ चा, मुंबईतला. घराणं कलावंतिणीचं आणि घरात पैशांची चणचण, त्यामुळे शाळेच्या वयातच सिनेमात काम करावं लागलं. १९३६ च्या 'विजयाची लग्ने'पासून रतनची हंसा झाली.

कोवळ्या वयातच जगन्नाथ बंदरकर यांच्याशी लग्न झालं. हंसाबाईंना सिनेमा सोडून संसार करायचा होता. पण घर चालायचं त्यांच्याच कमाईवर. त्यांनी काम करावं हा आग्रह नवऱ्याचा, आणि सोबतच्या नटांवरून संशय घेणाराही नवराच. मूल हवं असताना गर्भपात करून घ्यावा लागला, ती जखम वेगळीच.

गंमत म्हणजे याच काळात पडद्यावर त्या आदर्श सून होत्या. प्रभातचा 'संत सखू' १९४१ चा. सासूचा छळ सोसणारी, खांबाला बांधली गेलेली सखू प्रेक्षकांनी डोक्यावर घेतली. मग १९४७ च्या 'लोकशाहीर रामजोशी'तली त्यांची बयाही गाजली.

घरी मात्र भांडणं वाढत गेली. दारू आली, दुसरे पुरुषही आयुष्यात आले. ऐन नाव झालेलं असताना त्या एका माणसासोबत मराठवाड्यातल्या गावी निघून गेल्या. त्याला आधीच दोन बायका होत्या, या तिसऱ्या. हवा होता तो संसार मिळेल असं वाटलं होतं. पण तिथे घराबाहेर पडायचीही मोकळीक नव्हती. पडद्यावरच्या सखूला सोडवायला विठोबा आला होता. हंसाबाईंना तीनेक वर्षांनी सुटकेसाठी निरोप धाडावा लागला तो नवऱ्यालाच!

हे सगळं त्यांनी स्वतः सांगितलं. अरुण साधूंनी शब्दांकन केलं, 'माणूस'मध्ये ते छापून आलं आणि १९७० साली त्याचं पुस्तक झालं. नाव अर्थातच 'सांगत्ये ऐका'. त्या काळात नट्यांच्या भानगडींवर लोक कुजबुजायचे. इथे नटीच उघडपणे बोलत होती. तिने नवऱ्याला सोडलं नाही, तसं स्वतःलाही सोडलं नाही.

पुस्तक आल्यावर वर्षभरातच, २३ ऑगस्ट १९७१ रोजी हंसाबाई गेल्या. वय अवघं ४८.

१९७७ साली श्याम बेनेगल यांनी याच आत्मकथेवर 'भूमिका' बनवला. त्यासाठी स्मिता पाटील यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तो सिनेमा पाहायला हंसाबाई नव्हत्या. लग्न मोडणाऱ्या बाईला हिंदी सिनेमा एरवी खलनायिका ठरवायचा. 'भूमिका'ने तसं केलं नाही, कारण मुळात हंसाबाईंनीच आपली गोष्ट तशी सांगितली नव्हती.